हळदीचा खादा

उमरठ,
२१ नोव्हेंबर २००५

प्रिय ओवी,

'सप्रेम नमस्कार, विनंती विशेष' असं लिहिलं की तू महाडच्या कॉलेजात असल्यापासून खी खी करतेस, म्हणून ते गाळूनच सुरुवात करते. पत्र मिळालं. आम्ही बरे आहोत. फोन लागत नाही अशी तुझी तक्रार. तो पावसाळ्यात मुका झाला तो अजून मुकाच आहे, आणि मोबाईलला रेंज हवी असेल तर देवळामागच्या टेपावर चढावं लागतं. तुझ्याशी दोन शब्द बोलायला एवढी चढण मला नाही झेपत. पत्रच बरं.

आपला 'शेजार' मुंबईच्या महोत्सवात घेतला हे वाचून मी भर वर्गात ओरडले. चौथीची पोरं पाढे म्हणायची थांबली. लोकांच्या लग्नांची शूटिंग करून तू पैसे साठवलेस, भाड्याचा कॅमेरा आणलास, आणि पोलादपूरच्या स्टँडबाहेर बसणाऱ्या दोन बायकांवर सिनेमा काढलास. आता तो मुंबईची शहाणी माणसं खुर्चीत बसून बघणार. 'आपला' म्हणते खरी, पण मी केलं काय? चहा आणला, बघ्यांना हाकललं आणि एकदा तुझ्या डोक्यावर छत्री धरली. तरी शेवटी पडद्यावर 'विशेष आभार, राजनंदिनी' असं आलं तेव्हा मी शाळेत चांगली मिरवले होते.

तू विचारलंस की रंगूबाई आणि यांगचेन मावशी या दोघींना जानेवारीत मुंबईला आणता येईल का, सिनेमा संपल्यावर स्टेजवर उभं करायला. नाही जमायचं, ओवी. झोडणी चालू आहे, वाल पेरायचेत, आत्यांचे गुडघे धरलेत. (रंगूबाईंना, म्हणजे सासूबाईंना, मी आत्या म्हणते आणि सासऱ्यांना मामा, तुला माहीत आहे.) शिवाय आत्या हल्ली बाजारात बसत नाहीत. यांगचेन मावशी आल्या आहेत, त्यांचं पाल चिंचेखाली आहे. त्यांना मी विचारलेलं नाही.

पोस्टर फार सुंदर आहे. मावशी आत्यांच्या गळ्यात तो पांढरा पट्टा घालताहेत आणि दोघी हसताहेत. तू लिहिलंस, घराच्या दर्शनी भिंतीला लाव. मी ते सध्या पेटीत ठेवलं आहे. भिंतीला ओल आहे.

बाकी काय? घाटात दरडी आल्या होत्या त्या उचलल्या. माझी बदली टळली. महाडला आले की तुझ्या आई-बाबांना त्यांच्या दवाखान्यात भेटून येईन.

आणि शेवटी तू विचारलंस, मामा अजून माझ्या घरघरत्या कॅमेऱ्याला 'गिरण' म्हणतात का. त्याचं उत्तर पुढच्या खेपेला देते. पोस्टाची पिशवी जायची वेळ झाली.

तुझी,
नंदा


उमरठ,
११ डिसेंबर २००५

ओवी,

तुझं चार ओळींचं पत्र आलं. 'नंदे, तुझ्या भिंतीला कधीपासून ओल यायला लागली? काय लपवते आहेस ते सरळ लिही.' लिहिते. 'रागावू नकोस' असं मी तुला म्हणणार नाही, कारण रागावलेली मी आहे.

मामा गेले. गौरी आणायच्या दिवशी गेले. ओटीवर बसून गौरीसाठी आणलेली तेरड्याची रोपं निवडत होते, मुळांची माती झाडत होते. छातीवर हात ठेवला आणि भिंतीला टेकले. प्रवीणनं वडिलांसाठी शेजारची जीप काढून आणली, पण पोलादपूर यायच्या आतच सगळं संपलं होतं. डॉक्टर म्हणाले, हृदयाचा झटका.

तुला तेव्हाच कळवायला हवं होतं. लिहायला बसायची, पण मामांवरून लिहिता लिहिता गाडी तुझ्या सिनेमाच्या शेवटच्या शॉटवर यायची आणि मी कागद चुरगाळून टाकायची. आज चुरगाळणार नाही.

तुझा सिनेमा चांगला आहे. त्या दोघींची मैत्री तू ओळखलीस, नाहीतर आम्ही रोज बघून न बघितल्यासारखे करत होतो. महाबळेश्वरला निघालेली आणि स्वेटर घरी विसरलेली माणसं घाट चढायच्या आधी पोलादपूरला चहाला थांबतात, हे मुंडगोडच्या वसाहतीतून आलेल्या एका तिबेटी बाईनं हेरलं आणि चिंचेखाली ताडपत्री बांधली. शेजारी आमच्या आत्या रताळी, कोनफळं, वालाच्या शेंगा घेऊन बसलेल्या. एकीचं हिंदी मोडकं, दुसरीला हिंदीच नाही. 'यांगचेन' हे नाव आत्यांच्या जिभेवर बसेना म्हणून यांगू झालं. रंगू आणि यांगू! एक जेवायला उठली की दुसरी दोन्ही दुकानं सांभाळायची. आत्या गिऱ्हाइकाला दटावायच्या, "घ्या वो, वर थंडी मरनाची हाय," आणि मावशी मुंबईच्या बायकांना कोनफळ सोलायचं कसं ते हातवारे करून सांगायच्या. हे सगळं तू दाखवलंस आणि लोक पोट धरून हसले.

पण त्या मैत्रीतला सगळ्यात शहाणपणाचा भाग तूच बाजूला सारलास.

माघात थंडी सरली की मावशी गाठोडी बांधतात. निरोप घेताना त्यांच्याकडे मान म्हणून समोरच्याच्या गळ्यात खादा घालतात, लांब, पांढरा, रेशमासारखा पट्टा. पहिल्या वर्षी त्यांनी तो आत्यांच्या गळ्यात घातला तेव्हा आत्या इंगळी डसल्यागत मागे सरल्या होत्या. पांढरं कोरं कापड आमच्याकडे सवाष्णीच्या अंगावर घालत नाहीत. ते कुणाच्या अंगावर घालतात ते तुला सांगायला नको. मावशींचं तोंड एवढंसं झालं. त्यांना वाटलं, आपला मान नाकारला.

आत्यांनी तो परत दिला असता तर मैत्री तिथंच संपली असती. त्यांनी दिला नाही. घरी आणला, हळदीच्या पाण्यात बुचकळला, वळणीवर वाळवला, आणि दुसऱ्या दिवशी मावशींच्या पुढ्यात धरून म्हणाल्या, "आता घाल." मावशींनी घातला. तेव्हापासून दर वर्षी निघायच्या आदल्या दिवशी मावशी आत्यांकडूनच हळद घेतात आणि स्वतः खादा रंगवून आणतात. आत्यांच्या ट्रंकेत पिवळ्या खाद्यांची थप्पी आहे. कुणी भाषण दिलं नाही, कुणी कुणाची समजूत काढली नाही. दोन अडाणी बायकांनी आपसात मिटवलं.

तुझ्या शूटिंगच्या दिवशीही मावशींच्या पिशवीत पिवळाच होता. तू तो हातात घेऊन म्हणालीस, "हा डाग पडल्यासारखा दिसतोय, नंदे. बघणाऱ्याला कळणारच नाही. खरा पांढराच हवा." मी तुला कारण सांगितलं. तू म्हणालीस, "एका शॉटपुरतं गं." मावशी मान हलवत होत्या, "नहीं नहीं, रंगू का आदमी है, अच्छा नहीं." शेवटी आत्याच म्हणाल्या, "घाल गो यांगू. पोरगी पुन्यावरनं आली हाय, येवडी उन्हात उबी हाय. खेळातलं काय खरं आसतं?"

मग ढग आला, मग ट्रक मधे आला, मग मावशींचा चेहरा पडलेला दिसतो म्हणून तू पुन्हा घालायला लावलास. घाल, काढ, घाल, काढ. शेवटी दोघींना हसूच फुटलं. ते हसू तू शेवटी ठेवलंस. मीही ते बघून रडले होते. खोटं कशाला बोलू?

शिमग्याला मुंबईकर गावात आले होते, तेव्हा देवळाच्या भिंतीवर चादर लावून तू सिनेमा दाखवलास. शेवटच्या शॉटला बायकांचा गलका एकदम थांबला, तुझ्या लक्षात आलं होतं का? आमच्या चुलत सासूबाई तुळसाकाकी मोठ्यानं म्हणाल्या, "आगो बाय, रंगे, ह्ये काय घातलंस गळ्यात?" मामा पुढंच बसले होते. ते उठून उभे राहिले आणि दोन्ही हात वर करून म्हणाले, "मी जिता हाय गो अजून! बगा, नीट बगा!" मग सगळे हसले. तू पण हसलीस.

गौरीला ते गेले.

मी शाळेत पोरांकडून अंधश्रद्धेवर निबंध लिहून घेते. एका पट्ट्यानं माणूस मरत नाही, हे मला समजतं आणि तूही मनाला तसं लावून घेऊ नकोस. पण सुतकाचे दिवस चालू असताना भेटायला येणारी प्रत्येक बाई आत्यांच्या गळ्याकडे बघायची, आणि आत्यांना ते कळायचं. गाव तुझ्या सिनेमाबद्दल अजून बोलतं, ओवी. फक्त तुला वाटतं तसं नाही.

नोव्हेंबरात मावशी आल्या. शेजारची जागा आत्यांसाठी मोकळी ठेवून बसल्या. एक पेरूवाला तिथं टोपली मांडायला आला, त्याला भांडून उठवलं. मी मीटिंगला पोलादपूरला गेले तेव्हा त्यांनी हाक मारली, "नंदा, रंगू किधर?" मी सांगितलं. त्यांनी हात उचलून स्वतःच्या गळ्याला लावला आणि तसाच धरून ठेवला.

त्याच रविवारी त्या उमरठला आल्या. एवढ्या वर्षांत पहिल्यांदा. हातात तपकिरी रंगाचा स्वेटर, आत्यांसाठी. अंगणात तुळसाकाकी होत्या. म्हणाल्या, "आता काय न्यायला आलीस? तुझ्या फडक्यानं आमचं मानूस खाल्लं." इतकी वर्षं पोलादपुरात बसून मावशींना तेवढं मराठी कळतं. मी काकींना गप्प केलं आणि आत धावले. आत्या चुलीकडे तोंड करून बसल्या होत्या. मी म्हटलं, "यांगमावशी आल्यात." त्यांनी मान हलवली. मी हात धरला, विनवलं, शेवटी चिडलेही. त्या उठल्या नाहीत.

बाहेर आले तर ओटीच्या कडेला स्वेटर घडी करून ठेवलेला आणि मावशी रस्त्याला लागलेल्या. मी हाका मारल्या. त्यांनी वळून बघितलं नाही.

हे मला तुला लिहायचं नव्हतं. तुझ्या आनंदाच्या पत्रावर हे कसं लिहू? पण तू दोघींना स्टेजवर एकत्र आणायचं म्हणतेस, आणि इथं त्या एका चिंचेखाली बसत नाहीत. तुला फार चांगला शॉट मिळाला, ओवी. मी तुला तेव्हा आणखी जोरानं अडवायला हवं होतं असं मला रोज वाटतं, आणि तू माझं ऐकायला हवं होतंस असंही रोज वाटतं.

राजनंदिनी


उमरठ,
२६ फेब्रुवारी २००६

प्रिय ओवी,

तुझं लांबलचक पत्र मी दोनदा वाचलं. तू रडलीस, हे वाचून मला बरं वाटलं आणि मग बरं वाटलं म्हणून वाईट वाटलं. मैत्रीण आहेस, काय करणार?

तू लिहिलंस की शेवटचा शॉट काढून टाकलास आणि महोत्सवात सिनेमा त्याच्याशिवायच दाखवलास. मला वाटलं, हे ऐकून आत्यांचं ओझं उतरेल. म्हणून त्या वाल सोलत होत्या तिथं बसून तुझं पत्र वाचून दाखवलं.

"काढलान तिनं?" आत्यांनी विचारलं.

"हो, पूर्ण काढला."

"मंग आमी दोगी हासतो, ते?"

"तेही त्यातच होतं ना. तेही गेलं."

आत्यांच्या हातातली शेंग तशीच राहिली. "तिचा नि माजा येकत्र फोटू तेवडाच व्हता गो," त्या म्हणाल्या. "तो पन काढलान."

पेटीतलं पोस्टर मी त्यांना दाखवलंच नव्हतं, त्याची लाज वाटली. मग चिडून मीच म्हटलं, "आत्या, ती दारात आली तेव्हा तुम्ही उठला नाहीत. आता फोटोसाठी कशाला झुरता?"

त्यांनी माझ्याकडे बघितलं. मामा गेल्यापासून त्या कुणाकडे अशा सरळ बघत नव्हत्या. "तुला वाटलं मी रुसले? तुळशीला पन तसंच वाटलं. वाटंना का. आगो, खादा मी घालून घेतला, मला हौस आली शिनेमाची. तिचा काय दोस? ती नको नको म्हनत व्हती."

"मग?"

"तू तिला सांगितलंस ह्ये गेले म्हनून. पन ऐकनं येगळं नि बगनं येगळं. माजं ह्ये पांढरं कपाळ तिनं डोळ्यानं बगितलं आसतं तर तिनं सोताला कंदी माफ केलं नसतं. म्हनून तोंड फिरवलं. तिच्यासाठी लपले गो, नि तिलाच घालवून दिलं."

ओवी, मावशी येऊन गेल्यापासून तीन महिने आम्ही एका घरात होतो. मी शिकलेली, रोज बडबड करणारी, आणि मी त्यांना हे एकदाही विचारलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्या मावशींचा तपकिरी स्वेटर घालून ओटीवर उभ्या. म्हणाल्या, पोलादपूरला ने. गणपतीनंतर पहिल्यांदा घराबाहेर पडत होत्या. तुळसाकाकींनी अंगणातून आवाज दिला, "रंगे, वरीस नाय झालं अजून, बाजारात कशी जातेस?" आत्या म्हणाल्या, "चालत जाते." मला इतक्या दिवसांनी हसू आलं.

जीपमध्ये त्यांनी मांडीवर टोपली घेतली होती, तिच्यात कोनफळं होती. मावशींना आवडतात म्हणून.

चिंचेखाली काही नव्हतं. ताडपत्रीची दोरी बांधून बांधून खोडाला खाच पडली आहे, तेवढी दिसली. आत्यांच्या जागेवर पेरूवाला बसला होता. समोरचा चहावाला रामा म्हणाला, मावशी यंदा संक्रांत झाली तशा निघाल्या, एरवीपेक्षा कितीतरी आधी. गुडघे चालत नाहीत म्हणाल्या. लेकीनं वसाहतीतच दुकान टाकलंय, आता इकडे येणं नाही, असंही म्हणाल्या. आणि त्यानं फळीवरून एक पिशवी काढून दिली. "रंगूबायला द्या म्हनून ठेवून गेली. तुमच्याकडचं कोन बाजाराला आलंच नाय."

पिशवीत खादा होता. हळदीचा. यंदा आत्यांकडची हळद नव्हती, तेव्हा बाजारची आणली असणार. इतका पिवळाधमक खादा त्यांनी कधी रंगवला नव्हता. जणू मागचं सगळं त्या रंगाखाली झाकायचं होतं.

आत्यांनी तो हातात घेतला, नाकाशी धरला आणि परत घडी घातली. मी म्हटलं, "घाला ना गळ्यात." त्या म्हणाल्या, "ह्यो आता नाय चालत मला." मग माझ्या डोक्यात उजेड पडला. विधवेला कुणी हळद लावत नाही, हळदी-कुंकवाला बोलावत नाही, हे मी जन्मापासून बघते आहे, आणि तरी माझ्या लक्षात आलं नव्हतं. मावशींना ते कोण सांगणार? त्यांनी आपल्या परीनं जपून रंगवून ठेवला होता. कोनफळांची टोपली आत्यांनी रामाच्या फळीवर ठेवली आणि आम्ही परत आलो.

मी खूप वाद घातला. म्हटलं, तुम्हीच एकदा पांढऱ्यावर तोड काढलीत, आता पिवळ्यावर काढा, लोक गेले उडत. आत्या म्हणाल्या, "लोकांचं नाय गो. ह्ये आसते तर घातला आसता."

त्या दिवसापासून त्या रोज सकाळी तो खादा साबणानं धुतात आणि अंगणात उन्हात वळणीवर टाकतात. हळद उन्हात उडते, हे तुला ठाऊक असेलच. रोज थोडा थोडा फिका पडतोय. तुळसाकाकी येता-जाता बघतात, पण काही बोलत नाहीत.

आता माझं एक काम कर. शूटिंगच्या आधी तू मुंडगोडला त्यांच्या घरी राहून आली होतीस, तुला वाट माहीत आहे. तिथं जा. पोस्टरवर सिनेमाची अक्षरं आहेत, तसला नको; तो शॉट तू जपून ठेवला असशील, त्याचा एक मोठा, साधा फोटो काढून घे. दोन प्रती काढ, एक तिथं दे, एक इकडे पाठव. ती मी भिंतीला लावणार आहे. कॅमेरा मात्र नेऊ नकोस. त्या रडल्या, हसल्या, दार उघडलं नाही, काहीही झालं तरी ते कुणाला दाखवायचं नाही. दार उघडलं नाही तर बाहेरूनच सांग, पण सांगून ये. आत्यांनी सांगितलं ते त्यांच्याच शब्दांत लिहिते, एक अक्षर सुधारू नकोस.

"यांगूला म्हनावं, मी रागानं लपले नव्हते. तुजा काय दोस नाय. गुडगे दुखतात तर बसून ये, गाडीनं ये, पन येकदा ये. नि येशील तवा हळद घालू नको. पांढराच आन. आता मला चालतो."

हे त्यांच्या कानावर घातलंस की मगच मला पत्र लिही.

तुझीच,
नंदा